आधी झाड, मग फुलपाखरू

पहिल्या वर्षाच्या माझ्या वहीत ४१ नावं होती. दुसऱ्या पावसाळ्यात ती वही समोर घेऊन बसले, एकेक फोटो पुन्हा पाहिला आणि १३ नावं खोडली. काही सरळ चुकीची होती. काही एकाच फुलपाखराची दोनदा लिहिलेली होती. एक तर फुलपाखरूच नव्हतं, दिवसा उडणारा पतंग होता. त्या खोडाखोडीच्या दिवसापासून मी खरी शिकायला लागले, म्हणून इथं चुकलेल्या नावांबद्दल जरा जास्तच लिहिणार आहे.

आमचं घर वेंगुर्ले तालुक्यात, समुद्रापासून चालत वीस मिनिटांवर. पुढे खळं म्हणजे अंगण, मागे परडं, त्यापलीकडे माड-पोफळींची वाडी, वरच्या अंगाला आंब्याची कलमं आणि काजू, खाली उतरलं की खाडी. लग्न होऊन आले तेव्हा या सगळ्यात फुलपाखरं असतील असं कधी मनातही आलं नव्हतं. सुरुवात झाली ती खळ्यातल्या पिटकुळीच्या लाल फुलांवर आलेल्या एका भल्यामोठ्या फुलपाखरानं. मखमली काळे पंख, मागच्या पंखांवर आकाशी निळाई, त्यावर काळे ठिपके. फुलावर बसलं तरी पंखांची फडफड थांबत नव्हती. मुलीनं शाळेच्या पुस्तकातून नाव शोधून दिलं: नीलवंत, म्हणजे ब्लू मॉर्मन. महाराष्ट्रानं २०१५ साली त्याला राज्य फुलपाखरू केलं आणि राज्याचं फुलपाखरू ठरवणारं महाराष्ट्र हे देशातलं पहिलं राज्य ठरलं. असला मानकरी रोज आपल्या खळ्यात येतो आणि आपल्याला त्याचं नाव ठाऊक नाही, ही गोष्ट मला लागून राहिली. त्याच आठवड्यात वही घातली.

आता फुलपाखरांना छान मराठी नावं आहेत, पण बघणाऱ्या मंडळींत बोलताना अजून इंग्रजी नावंच चालतात. माझ्याही वहीत तीच आहेत, म्हणून इथंही तशीच लिहिते.

पहिली मोठी चूक कॉमन मॉर्मनची. काळं फुलपाखरू, मागच्या पंखांवर पांढरे ठिपके आणि त्यांच्या कडेनं लाल चंद्रकोरी. हे मी ‘कॉमन रोझ’ म्हणून लिहिलं. आठवड्यानं तसंच, पण पुढच्या पंखांवर पांढऱ्या पट्ट्या असलेलं दिसलं. ते लिहिलं ‘क्रिमझन रोझ’. नंतर कळलं की दोन्ही वेळा मी बघितली ती कॉमन मॉर्मनची मादी. या मादीची तीन रूपं असतात. एक नरासारखं, एक कॉमन रोझची नक्कल करणारं आणि एक क्रिमझन रोझची. दोन्ही रोझच्या अळ्या ईश्वरीच्या वेलाची पानं खातात, त्या वेलातलं विष त्यांच्या अंगात राहतं आणि पक्षी त्यांना टाळतात. मॉर्मनच्या मादीकडे विष नाही, नुसता वेश आहे. ओळखायची खूण पंखांवर नाहीच, ती अंगावर आहे. रोझचं डोकं आणि पोट लालभडक असतं, मॉर्मनचं अंग काळं. हे एक वाक्य कळल्यावर त्या दोन नोंदी दुरुस्त करायला एक मिनिटही लागलं नाही. ते वाक्य कळायला मात्र आठ महिने गेले होते.

प्लेन टायगरच्या बाबतीतही तेच. वईवरच्या, म्हणजे कुंपणातल्या, रुईवर बसलेलं नारिंगी फुलपाखरू, पुढच्या पंखांचं टोक काळं, त्यात पांढरी पट्टी. फोटो टाकला की नाव सुचवणारं एक ॲप मी वापरत होते, त्यानं त्याच फुलपाखराला एका फोटोत एक नाव दिलं आणि दुसऱ्या फोटोत दुसरं. घोळ इथं होता: डॅनेड एगफ्लायची मादी हुबेहूब प्लेन टायगरसारखी दिसते. फरक मागच्या पंखाच्या मध्यावर. प्लेन टायगरला तिथं ठळक काळे ठिपके असतात, एगफ्लायच्या मादीला ते नसतात. आणि तिचा नर बघितलात तर ही जोडी आहे यावर विश्वास बसणार नाही: काळाभोर, त्यावर जांभळी झाक असलेले पांढरे गोल. घोळीच्या भाजीच्या आसपास तो एकाच दगडावर पुन्हा पुन्हा येऊन बसतो आणि येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला पळवून लावतो. रुई दिसली की प्लेन टायगर आणि घोळ दिसली की एगफ्लाय, असं सुरुवातीलाच कुणी सांगितलं असतं तर अर्धं काम तिथंच झालं असतं.

एकच फुलपाखरू दोनदा लिहिलं ते कॉमन इव्हनिंग ब्राऊन. जुलैत मांगराच्या मागे, भाताच्या कुणग्यांच्या कडेनं संध्याकाळी उडायचं तेव्हा पंखांच्या कडेला डोळ्यांसारखे गोल स्पष्ट होते. फेब्रुवारीत पोफळींखालच्या पातेऱ्यात, म्हणजे गळलेल्या सुक्या पानांत, दिसलं ते सुकं पान वाटावं असं, गोल जवळजवळ गायब. मी दोन जाती लिहिल्या. खरं म्हणजे हे पावसाळी आणि उन्हाळी कपडे आहेत. पावसात हिरव्यागार गवतात लपणं कठीण, तेव्हा पंखाच्या कडेचे डोळे पक्ष्याची चोच अंगापासून दूर वळवतात. उन्हाळ्यात सगळीकडे पातेरा, तेव्हा पातेऱ्यासारखं होऊन निपचित बसून राहणंच फायद्याचं. अळी गवत खाते, भाताची पात खाते, म्हणून ती कुणग्यांच्या कडेलाच सापडते.

आणि तो पतंग. समुद्रकाठच्या खुळखुळ्याच्या झुडपावर पांढरट पंख, त्यावर लाल आणि काळे नाजूक ठिपके. इतका देखणा की पतंग असेल अशी शंकाही आली नाही. फोटो मोठा करून मिशा पाहिल्या. फुलपाखराच्या मिशीच्या टोकाला गाठ असते, आगकाडीच्या गुलासारखी. याच्या मिशा टोकापर्यंत दोऱ्यासारख्या सरळ. त्यानंतर मी आधी मिशा बघते, मग रंग.

ही सगळी खोडाखोड चालू असताना सासूबाई खळ्यात तांदूळ निवडत बसल्या होत्या. त्यांनी विचारलं, “काय गो, इतक्या काय लिवतंस?” मी सांगितलं. लिंबीवरच्या अळ्यांचं नाव निघालं तशा म्हणाल्या, “ते किडे? ते लिंबीची पानां खातत. मी रोज चिरडून टाकतंय.” मी काही बोलले नाही. दुसऱ्या दिवशी त्यांना लिंबीकडे घेऊन गेले आणि एक अळी दाखवली. नुकत्या फुटलेल्या पानावर तपकिरी, मध्ये पांढरा डाग, ओलसर चकाकी. चिमणीची शीटच. त्या शेजारीच बोटाच्या पेरापेक्षा मोठी, हिरवी, गुळगुळीत अळी. मी काडीनं तिला हळूच टोचलं तर डोक्यामागून दोन फाट्यांचं नारिंगी शिंग बाहेर आलं आणि उग्र आंबूस वास सुटला. आई (सासूबाईंना मी आईच म्हणते) दोन पावलं मागं सरल्या. मग हसल्या. “ह्याचा फुलपाखरू होता?” त्यांनी विचारलं.

होतं का ते बघायला मी पाच अळ्या घरात आणल्या. बरणीवर सुती कापड, आत लिंबीची डहाळी. पहिल्या चार दिवसांत दोन चुका झाल्या. पानं पावसात भिजलेली घातली, बरणीत घाम धरला आणि एक अळी लुळी पडून मेली. आणि विष्ठा रोज काढली नाही, तिला बुरशी आली. पुढे पानं पुसून घालायला लागले आणि तळाला कागद पसरून रोज बदलायला लागले, मग बाकीच्या चार जगल्या. एका लिंबीवर तीन जातींच्या अळ्या असू शकतात: लाइम, कॉमन मॉर्मन आणि नीलवंत. मोठ्या झाल्यावर शिंगाचा रंग बघावा. लाइमचं नारिंगी, कॉमन मॉर्मनचं गडद लाल. नीलवंताची अळी तिघींत मोठी.

कोष होण्याआधी अळी खाणं सोडते, शेवटची मऊ विष्ठा टाकते आणि जागा शोधत फिरते. मग शेपटीकडचं टोक रेशमाच्या गादीला अडकवते आणि कमरेभोवती एक धागा घेऊन त्यावर मागे रेलते. माडावर चढणारा गडी दोरीवर भार टाकून उभा असतो ना, अगदी तशी. एकीनं हिरव्या देठावर कोष केला तो हिरवा झाला. दुसरीनं सुक्या काडीवर केला तो काडीच्या रंगाचा. अकराव्या दिवशी पहाटे हिरवा कोष काळपट पारदर्शक झाला, आतले पिवळे ठिपके दिसायला लागले. साडेसहाला तो उघडला. बाहेर आलेल्या फुलपाखराचे पंख ओल्या कापडासारखे चुरगळलेले होते. ते काडीवर चढून उलटं लोंबकळलं आणि पंख हळूहळू उलगडत गेले. शेवटी त्यानं तांबूस पाण्याचे थेंब टाकले. आईंना वाटलं रक्त आलं. ते रक्त नसतं, कोषात साठलेला टाकाऊ द्रव असतो. लाइम बटरफ्लाय होतं. खळ्यात सोडलं तेव्हा उन्हाची पहिली तिरीप आली होती.

त्याच आठवड्यात एक कोष मी लिंबीच्या खोडावरून आणला होता. तेराव्या दिवशी त्याला टाचणीच्या डोक्याएवढं भोक पडलं आणि त्यातून हिरवट चकाकीच्या इवल्याशा गांधीलमाश्या बाहेर यायला लागल्या. मोजत होते, चाळीसनंतर सोडून दिलं. कोष नुकता झालेला आणि मऊ असतो तेव्हा त्या माश्या त्यात अंडी घालतात. मला रडू आलं होतं. पण लिंबीवर एवढ्या अळ्या होऊनही लिंबी दरवर्षी पुन्हा पानांनी भरते, त्यात या माश्यांचाही वाटा आहे. आईंनी त्यानंतर अळ्या चिरडणं बंद केलं. एक फांदी आम्ही त्यांच्यासाठी ठेवली, बाकीच्या फांद्यांवरच्या अळ्या उचलून तिथं नेऊन ठेवायच्या.

तिथून माझी पद्धतच बदलली. पूर्वी मी फुलपाखराच्या मागे धावायचे. आता मी झाडाजवळ थांबायला लागले. प्रत्येक जातीची अळी ठराविक झाडंच खाते, मादी तिथंच अंडी घालायला येते आणि नर तिला शोधत तिथंच घिरट्या घालतो. आणि झाडं ओळखण्यात आईंचा हात धरणारं आमच्या वाडीत कुणी नाही. मला पंख कळत होते, त्यांना पानं. दोघींनी मिळून वाडीची नव्यानं फेरी मारली.

आंब्यापासून सुरुवात. कलमाच्या जून पानावर कॉमन बॅरनची अळी शोधून दाखवणाऱ्याला मी मानेन. पानाच्या मधल्या शिरेवर ती लांबीनं चिकटते, तिच्या पाठीवरची फिकट रेघ नेमकी शिरेवर येते आणि दोन्ही बाजूंना पिसासारखे फुटलेले लांब काटे पानावर सपाट पसरतात. अंगाची कडच उरत नाही. मी तीन वेळा त्याच पानावरून नजर फिरवली होती, चौथ्यांदा आईंनी पान वर धरलं आणि उजेडाविरुद्ध ती दिसली. काजूवरही हीच अळी असते. आंब्यावरच्या बांडगुळावर कॉमन जेझबेल: पंखांची वरची बाजू साधी पांढरी-काळी, खालची पिवळीधमक, कडेला लाल-नारिंगी. ती उंच उडते, म्हणून खालून बघणाऱ्याला तिचा सगळा साज दिसतो. कलमांवरचं बांडगूळ काढावं लागतं हे मलाही माहीत आहे. आम्ही कलमांवरचं काढतो, कडेच्या जुन्या रायवळावरचं ठेवतो.

माडावर जायंट रेडआय. पाती शिवून केलेली नळी उलगडली की आत कापसात लोळवल्यासारखी अळी, अंगभर पांढऱ्या मेणाचे धागे. तिचं फुलपाखरू तपकिरी, लाल डोळ्यांचं, तिन्हीसांजेला उडणारं. चार वर्षं ते पडवीतल्या दिव्याला येत होतं आणि मी त्याला पतंग समजून झाडूनं बाहेर काढत होते. माडा-पोफळींवरच पामफ्लाय. नर काळपट, मादी मात्र नारिंगी, टायगरची नक्कल करणारी. परड्यातल्या दालचिनीवर कॉमन मायम. याचीही दोन रूपं, एक कॉमन क्रोसारखं, एक ब्लू टायगरसारखं. मागच्या पंखाच्या कडेला पिवळे ठिपके दिसले की समजावं हा मायम. आणि खळ्यातल्या त्याच पिटकुळीवर, जिथं नीलवंत यायचा, तिथं मंकी पझल नावाचं नखाएवढं फुलपाखरू पहिल्या दिवसापासून असणार. मला ते दुसऱ्या वर्षी दिसलं. बसल्या बसल्या ते गर्रकन उलटं फिरतं आणि मागच्या पंखांच्या शेपट्या हलवतं. त्यामुळे डोकं कुठलं आणि शेपूट कुठली हे पक्ष्याला कळत नाही. मलाही आधी कळलं नव्हतं.

खाडीकाठी करंज. एप्रिलमध्ये करंजाला कोवळी पालवी आणि फुलं येतात तेव्हा तिथं इंडियन सनबीम बघावं. पंख मिटलेले असताना चांदीचा पत्रा, उघडले की नर निखाऱ्यासारखा लाल-केशरी. पण मला त्याच्या अळीनं वेड लावलं. हिरवी, जाडसर, मागच्या टोकाला दोन ताठ नळकांडी. मुंगी जवळ आली किंवा तुम्ही पानाला धक्का लावला, की प्रत्येक नळकांड्यातून केसांच्या झुबक्याचा चाबूक बाहेर येतो आणि गरगर फिरतो. क्षणभरच, मग पुन्हा आत. व्हिडिओ हळू करून पाहिला तेव्हा नीट दिसलं. खाडीकाठची झाडं सगळीकडे सारखी नसतात. माझी बहीण मुंबईत खाडीजवळ राहते, तिच्याकडे पिलूच्या झुडपांवर स्मॉल सामन अरब दिसतं, फिकट गुलाबी-केशरी. ते मी आमच्या बाजूला अजून पाहिलेलं नाही.

समुद्रावर सुरूच्या बनाच्या अलीकडे, वाळूत खुळखुळा वाढतो. ऑक्टोबरमध्ये त्याच्या शेंगा वाळल्या की त्यावर ब्लू टायगर, डार्क ब्लू टायगर आणि कॉमन क्रो इतके जमतात की झाड हलल्यासारखं वाटतं. फुलं नसलेल्या सुक्या काड्यांवर ते काय करतात? ते नर असतात. त्या झाडातली विशिष्ट कडू द्रव्यं ते शोषतात, त्यातून मादीला बोलवायचा गंध तयार होतो आणि शत्रूला नकोशी चवही. असंच दुसरं दृश्य मार्चमध्ये व्हाळाच्या, म्हणजे ओढ्याच्या, ओल्या वाळूवर दिसतं. कॉमन ब्लूबॉटल आणि कॉमन जे ओळीनं सोंड रोवून बसलेले. तेही नरच, मिठासाठी. हे मीठ मिलनाच्या वेळी मादीला मिळतं आणि अंड्यांच्या कामी येतं. अशा वेळी फुलपाखरं इतकी गुंग असतात की गुडघ्यावर बसून हातभर अंतरापर्यंत जाता येतं. फक्त आपली सावली त्यांच्यावर पडू द्यायची नाही.

फोटोबद्दल थोडं. आधी लांबून एक घ्यावा, मग जवळ जावं; उडून गेलं तर निदान तो एक राहतो. पंख उघडलेले आणि मिटलेले, दोन्ही हवेत. ग्रास यलोसारखी पिवळी फुलपाखरं वरून सगळी एकच दिसतात. पुढच्या पंखाच्या खालच्या बाजूला, मुळाजवळच्या कप्प्यात किती ठिपके आहेत ते मोजावं लागतं. कॉमनला दोन, थ्री-स्पॉटला नावाप्रमाणे तीन. वेळ सकाळी नऊ ते अकरा, आणि पावसाळ्यात उघडीप पडल्यावरचा पहिला तास. फोटोबरोबर मी आता तीन गोष्टी लिहिते: कुठल्या झाडावर, किती उंचीवर, काय करत होतं. नाव नाही कळलं तर जागा रिकामी ठेवते. पहिल्या वर्षी मी एकही जागा रिकामी ठेवली नव्हती, म्हणून १३ खोडावी लागली. जाळी मी कधी वापरली नाही, त्याची गरजही पडत नाही. कित्येक जातींना १९७२ च्या वन्यजीव कायद्याचं संरक्षणही आहे.

आता तिरफळाचं सांगते. मलबार बँडेड पीकॉक हे फक्त पश्चिम घाटात आणि त्याच्या पायथ्याच्या जंगलांत सापडतं. केरळनं २०१८ साली त्याला राज्य फुलपाखरू केलं, तिथं त्याला बुद्धमयूरी म्हणतात. ते आमच्या जिल्ह्यातही आहे असं वाचलं आणि त्याच्या अळीचं झाड कोणतं ते शोधलं. नाव वाचून मी स्वयंपाकघरात धावले. तिरफळ! बांगड्याच्या तिखल्यात आपण घालतो ते. आईंना विचारलं तर त्या म्हणाल्या, “तिरफळाचा झाड खंय असा ता माका इचार. माज्या म्हायेराक घराच्या पाठीच असा.”

त्यांचं माहेर आंबोली घाटाच्या पायथ्याशी. पहिल्यांदा गेलो तेव्हा श्रावण होता, पाऊस तीन दिवस थांबला नाही. मामा ओली तिरफळं काढत होते, झाडाखाली त्यांचा झणझणीत वास भरून राहिला होता. खोडावर बोथट टोकांचे मोठमोठे काटे, पानं एका दांड्यावर दोन्ही बाजूंनी ओळीनं लागलेली, आणि शेंडा इतका उंच की मान दुखली. काही दिसलं नाही. दुसऱ्या वर्षी दसऱ्यानंतर गेलो. सकाळी साडेनऊला उन्हं शेंड्यावर आली आणि तिथं काहीतरी चमकलं. आरसा उन्हात धरावा तसं, पण निळसर हिरवं. काळे पंख आणि चारी पंखांतून आरपार गेलेला रुंद पट्टा. दुर्बिणीतून दोन वेळा नीट दिसला, मध्ये ते झाडाला वळसा घालून गेलं आणि परत आलं. पट्टा रुंद होता, म्हणून कॉमन बँडेड पीकॉक नाही. चमक नुसती मागच्या पंखांवर नव्हती, म्हणून पॅरिस पीकॉकही नाही. फोटो चार काढले, चारांमध्ये आभाळ आणि एक काळा डाग. वहीत नाव लिहिलं आणि पुढे लिहिलं: दुर्बिणीतून पाहिलं, फोटो नाही. आई माझ्याशेजारीच उभ्या होत्या. त्यांना विचारलं, दिसलं का? म्हणाल्या, लहानपणापासून बघते, पण त्याचं या झाडाशी नातं आहे हे कुणी सांगितलं नव्हतं.

येताना झाडाखालची दोन रोपं मातीसकट आणली. एक मेलं. दुसरं परड्याच्या कोपऱ्यात लिंबीपासून थोडं दूर लावलं, ते आता माझ्या कमरेएवढं झालं आहे. आमच्या समुद्रकाठच्या वाडीत बँडेड पीकॉक उतरेल अशी माझी अपेक्षा नाही, घाट इथून लांब आहे. पण गेल्या सोमवारी त्याच्या एका पानाची कड अर्धगोल खाल्लेली दिसली आणि वरच्या पानावर चिमणीच्या शीटेसारखी अळी होती, तांदळाच्या दाण्याहून जरा मोठी. तिरफळावर कॉमन मॉर्मनही येते, रेड हेलनही येतं. एवढ्या लहान अळीवरून काही सांगता येत नाही. वहीत तारीख घातली आणि नावाची जागा रिकामी ठेवली.

अडचण एकच आहे. रोपाला पानं मोजून सात, आणि अळी मोठी होईल तशी ती पुरणार नाहीत. लिंबीची पानं ती खाईल की नाही याचा भरवसा नाही. आईंनी काल रात्री माहेरी फोन केला. मामा गुरुवारी वेंगुर्ल्याला यायला निघणार आहेत, एसटीनं. तिरफळाची डहाळी ओल्या फडक्यात गुंडाळून आण, काटे बाहेर येतील तर वर्तमानपत्र घाल, असं आईंनी त्यांना दोनदा बजावलं आहे.